पिरॅमिडचे मजूर: एका जुन्या प्रश्नाचा आढावा

गिझाच्या पठारावर खुफू राजाचा पिरॅमिड उभा करायला सुमारे तेवीस लाख दगड लागले असावेत, असा अंदाज आहे. दगडाचं सरासरी वजन अडीच टन धरतात. काम वीस वर्षांत उरकलं असं मानलं, तर दिवसाला तीनशेहून जास्त दगड बसवावे लागले. दहा तासांचा दिवस धरला तरी दर दोन मिनिटांना एक. हा हिशेब ऐकला की बहुतेकांना एकच प्रश्न पडतो: एवढं ओझं वर चढवलं कसं? त्यावर पुस्तकं निघाली, चित्रपट झाले, परग्रहावरच्या पाहुण्यांनाही कामाला लावून झालं. तसं मांडणाऱ्या एरिक फॉन डॅनिकेनची पुस्तकं मराठीतही आली आणि आवडीने वाचली गेली.

अभ्यासकांना मात्र गेल्या चाळीस वर्षांत खरं घबाड सापडलं ते दुसऱ्याच प्रश्नावर. हे काम केलं कोणी? ती माणसं राहत कुठे होती, खात काय होती, त्यांचा हिशेब कोण ठेवत होतं? दगड चढवण्याची युक्ती अजून वादात आहे; माणसांबद्दल मात्र आज आपण बरंच खात्रीने बोलू शकतो. ही माहिती सोन्याच्या मुखवट्यांतून आलेली नाही. ती उकिरडे, फुटकी मडकी, गुरांची हाडं आणि एका मुकादमाच्या नोंदवहीतून आलेली आहे.

ऐकीव माहिती आणि पहिली मोजणी

या विषयावरचा सर्वांत जुना लांबलचक मजकूर ग्रीक इतिहासकार हिरोडोटसचा. तो इ.स.पू. पाचव्या शतकात इजिप्तला गेला, तेव्हा पिरॅमिडला दोन हजारांहून जास्त वर्षं झाली होती. एक लाख माणसं तीन-तीन महिन्यांच्या पाळीने राबत होती आणि पिरॅमिडला वीस वर्षं लागली, असं त्याने लिहून ठेवलं. खुफू त्याच्या लेखी जुलमी राजा. मजुरांच्या मुळा, कांदा आणि लसणावर किती चांदी खर्च झाली याचा शिलालेख पिरॅमिडवर आहे, असंही दुभाष्याने त्याला सांगितलं. तसा शिलालेख कोणाला सापडलेला नाही. पण मजुरांच्या जेवणाचा खर्च ही सांगण्याजोगी गोष्ट आहे, एवढं त्या दुभाष्याला कळत होतं.

गुलामांची कथा रुजली ती पुढे. इ.स.च्या पहिल्या शतकातला यहुदी इतिहासकार जोसेफस याने इजिप्तमधल्या इस्रायली लोकांच्या हालांत पिरॅमिड बांधण्याची भर घातली. बायबलमध्ये तसा उल्लेख नाही. तिथे विटा पाडण्याचं आणि कोठारांची शहरं बांधण्याचं काम आहे. हॉलिवूडने विसाव्या शतकात या कथेला चाबूक आणि रंग दिला.

एकोणिसाव्या शतकात गाडी वेगळ्याच रुळावर गेली. स्कॉटलंडचा राजज्योतिषी चार्ल्स पियाझी स्मिथ याने १८६४ मध्ये पुस्तक लिहून पिरॅमिडच्या मापांत ईश्वरी संकेत असल्याचं जाहीर केलं. त्यासाठी त्याने ‘पिरॅमिड इंच’ नावाचं मापच मानलं. या कल्पनेने भारावलेल्या एका इंजिनिअरचा मुलगा, फ्लिंडर्स पेट्री, १८८० च्या अखेरीस मोजमापाची साधनं घेऊन गिझाला पोचला. वय सत्तावीस. एका जुन्या थडग्यात त्याने मुक्काम ठोकला आणि दोन हंगाम मोजणी केली. निष्कर्ष १८८३ मध्ये छापले: दैवी इंचाला मापांचा आधार नाही. मात्र सुमारे २३० मीटर लांबीच्या चार बाजूंमध्ये फरक आहे तो काही सेंटीमीटरांचाच. भाबड्या सिद्धान्ताचा निकाल लागला आणि बांधणाऱ्यांचं कसब आकड्यांत आलं.

शेजारच्या, खाफ्रे राजाच्या पिरॅमिडच्या पश्चिमेला पेट्रीने लांबच लांब खोल्यांच्या रांगा नोंदल्या आणि त्या मजुरांच्या बराकी असाव्यात, चार हजार माणसं मावतील, असा अंदाज बांधला. शंभर वर्षं तो पाठ्यपुस्तकांत राहिला. १९८८-८९ मध्ये तिथे थोडं खणून पाहिलं, तर माणसं राहिल्याच्या खुणा मिळाल्या नाहीत. कारागिरीचे अवशेष मिळाले. बराकींचा शोध पुन्हा पहिल्यापासून करायला हवा होता.

दगडांवरची लाल अक्षरं

मजुरांचा पहिला थेट पुरावा मात्र पेट्रीच्याही आधी सापडला होता, आणि तोही आडदांडपणे. १८३७ मध्ये इंग्रज कर्नल हॉवर्ड वाइज याने सुरुंगाची दारू लावत खुफूच्या दफनगृहावरच्या बंद पोकळ्यांपर्यंत वाट काढली. आतल्या दगडांवर लाल रंगाने लिहिलेली अक्षरं होती. काही आडवी, काही उलटी, काही दोन दगडांच्या सांध्यात शिरलेली. म्हणजे दगड बसवण्याआधीच ती रंगवलेली होती. ती टोळ्यांची नावं होती आणि नावांत राजाचं नाव गुंफलेलं होतं: ‘खुफूचे मित्र’ या धर्तीची.

अमेरिकन उत्खननकार जॉर्ज रायझनर याने विसाव्या शतकाच्या सुरुवातीला गिझाच्याच मेनकाऊरे राजाच्या मंदिरांत अशा आणखी खुणा नोंदल्या. तिथल्या एका टोळीचं नाव ‘मेनकाऊरेचे मद्यपी’ असं वाचतात. रांगेच्या एका बाजूचे दगड एका टोळीचे, दुसऱ्या बाजूचे दुसरीचे. टोळ्यांमध्ये चुरस लावून काम काढून घेतलं जात असावं, हा तर्क त्यातूनच निघाला.

या सगळ्या नोंदींची पद्धतशीर मांडणी अ‍ॅन मेसी रॉथ यांनी १९९१ च्या ग्रंथात केली. टोळीचे लहान गट असत आणि गटांना जहाजावरच्या पाळ्यांची नावं असत: नाळेचा गट, सुकाणूचा गट, डावा, उजवा. दगडफोडीच्या कामाची रचना नौकेवरून उचललेली होती. तेव्हा हा तपशील कुतूहलाचा वाटला. पंचवीसेक वर्षांत त्याचा अर्थ उलगडला.

कावळ्याच्या भिंतीपलीकडे

मजुरांची वस्ती शोधण्याचं श्रेय मुख्यतः मार्क लेनर यांना जातं. हा माणूस १९७०च्या दशकात इजिप्तला आला तो एडगर केसी या अमेरिकन भविष्यवेत्त्याच्या अनुयायांच्या मदतीवर, बुडालेल्या अटलांटिसची कागदपत्रं स्फिंक्सखाली शोधायला. स्फिंक्स इंचाइंचाने मोजताना अटलांटिस मागे पडलं. १९८०च्या दशकात लेनर यांनी पठाराचा नकाशा काढायला घेतला आणि साधा प्रश्न विचारला: खाणी इथे, पिरॅमिड तिथे, बंदर पूर्वेला, तर एवढी माणसं राहणार कुठे?

उत्तर दक्षिणेला होतं. तिथे दोनशे मीटर लांब आणि दहा मीटर उंच अशी प्रचंड दगडी भिंत आहे. अरबीत तिला ‘हैत अल-गुराब’, कावळ्याची भिंत, म्हणतात. पर्यटक तिच्याकडे बघतही नव्हते. तिच्यापलीकडे १९८८ पासून खणायला सुरुवात झाली आणि वाळूखाली आखीव रस्त्यांचं गाव मिळालं.

१९९१ मध्ये त्यात दोन भटारखाने निघाले. खोलीच्या कडेने जमिनीत ओळीने खळगे, कोपऱ्यात पीठ कालवायची मोठी भांडी, आणि सगळीकडे जाड, बोजड, घंटेच्या आकाराच्या मातीच्या साच्यांच्या खापऱ्या. साचा तापवायचा, खळग्यात निखाऱ्यांमध्ये बसवायचा, सैलसर पीठ ओतायचं, वरून दुसरा तापलेला साचा उपडा घालायचा. साक्कारातल्या ती नावाच्या अधिकाऱ्याच्या थडग्यात हीच कृती भिंतीवर कोरलेली आहे. १९९३ मध्ये लेनर आणि त्यांच्या सोबत्यांनी तसेच साचे घडवून, एमर गहू आणि जव वापरून भाकरी भाजूनही पाहिली. दोन खोल्यांतल्या राखेचे आणि खापऱ्यांचे थर पाहिले की रोज किती तोंडं खाणारी होती, याचा अदमास येतो.

हाडांचं काम रिचर्ड रेडिंग यांनी केलं. गावाच्या उकिरड्यात गुरं, मेंढ्या आणि शेळ्यांची हाडं ढिगाने निघाली. गुरांमध्ये कोवळे नर जास्त होते. गावात गुरं पाळलेली असती तर म्हाताऱ्या गायी, वासरं असं मिश्रण मिळालं असतं. म्हणजे हे गोऱ्हे बाहेरून हाकत आणलेले. नाईलच्या त्रिभुज प्रदेशात कोम अल-हिस्न इथे उलटं चित्र आहे: गुरं पाळल्याच्या भरपूर खुणा, पण खाल्लेल्या गुरांची हाडं फारच कमी. त्या गावची गुरं राजधानीकडे जात असणार, असा रेडिंग आणि सहकाऱ्यांचा तर्क. एक पिरॅमिड बांधायचा तर दूरच्या कुरणापर्यंत हुकूम पोचावा लागतो, हे या हाडांवरून दिसतं.

दोन गोष्टी इथे ध्यानात ठेवायला हव्यात. हे गाव मुख्यतः खुफूनंतरच्या खाफ्रे आणि मेनकाऊरे यांच्या काळातलं आहे. खुफूच्या मजुरांची वस्ती अजून हाती आलेली नाही. दुसरं म्हणजे, गावातल्या पस्तीसेक मीटर लांबीच्या ओवऱ्यांना लेनर आधी मजुरांच्या बराकी म्हणत होते, एकेका ओवरीत चाळीस-पन्नास माणसं. पुढे त्यांचाच कल बदलला. हे गाव बंदराचं, आणि ओवऱ्या जहाजांवरच्या टोळ्यांसाठी व मालासाठी असाव्यात, असं ते मांडू लागले. मत बदलण्याचं मोठं कारण तांबड्या समुद्राच्या काठी सापडलं. त्याकडे वळण्याआधी थडगी पाहू.

थडग्यांतली हाडं

१९९० मध्ये गावाजवळच्या उतारावर एका घोड्याचा पाय विटांच्या भिंतीला अडखळला आणि दफनभूमी उजेडात आली. झाही हवास यांनी तिथलं उत्खनन केलं. खालच्या भागात मातीच्या विटांची शेकडो लहान थडगी आहेत, काही घुमटाच्या आकाराची. वरच्या भागात मुकादम आणि अधिकाऱ्यांची मोठी थडगी, आणि त्यांवर हुद्दे कोरलेले: पिरॅमिडच्या एका बाजूचा प्रमुख, कारागिरांचा प्रमुख. पेतेती नावाच्या माणसाच्या थडग्यात, ते फोडणाऱ्यावर मगरी आणि साप सोडण्याची तंबीही कोरलेली आहे.

सांगाडे जास्त बोलके आहेत. पाठीचे मणके आणि गुडघे झिजलेले, स्त्रियांचेही. हातापायांची मोडलेली हाडं सरळ जुळून आलेली, म्हणजे कोणीतरी नीट बसवून बांधली होती. हात किंवा पाय कापल्यावर पुढे जगलेल्या माणसांचेही अवशेष आहेत.

हवास यांनी यावरून ठाम निष्कर्ष काढला: राजाच्या पिरॅमिडजवळ, स्वतःचं थडगं बांधून, परलोकासाठी भाकरी-बिअरची भांडी घेऊन निजलेली माणसं गुलाम असूच शकत नाहीत. निष्कर्ष पटण्यासारखा आहे, पण तो सगळ्यांना लागू करता येत नाही. इथे पुरलेली माणसं बहुधा कायमची कारागीर आणि अधिकारी मंडळी. खेड्यांतून काही महिन्यांसाठी आणलेली माणसं परत गेली असणार. वाटेत मेली तर त्यांची थडगी इथे असतीलच असं नाही.

मेररचा रोजमेळ

तांबड्या समुद्राला जोडलेल्या सुएझच्या आखाताच्या किनाऱ्यावर, सुएझ शहरापासून सव्वाशेक किलोमीटर दक्षिणेला, वादी अल-जार्फ नावाची ओसाड जागा आहे. तिथल्या टेकडीत खोदलेल्या तीसेक गुहा, समुद्रात गेलेला दगडी धक्का आणि दगडी नांगर. खुफूच्या काळातलं हे बंदर. इथून जहाजं सिनाईला तांबं आणायला जात. दगड घडवायच्या छिन्न्या तांब्याच्याच होत्या, हे लक्षात घेतलं की हे आडबाजूचं बंदर पिरॅमिडच्या कारखान्याचाच भाग ठरतं.

२०११ पासून पिएर ताले यांच्या पथकाने इथे उत्खनन केलं. बंदर सोडताना इजिप्शियनांनी गुहांची तोंडं शिळा ढकलून बंद केली होती. २०१३ मध्ये त्या शिळांच्या फटींतून पपायरसचे शेकडो तुकडे निघाले. लिहिलेला याहून जुना पपायरस जगात मिळालेला नाही.

त्यात मेरर नावाच्या मुकादमाचा रोजमेळ आहे. पानावर वर महिना, खाली दिवसांच्या रेघा, दर दिवसाला दोन उभे रकाने. मजकूर कोरडा: आज तुरा इथे दगड भरले, उद्या नौका निघाली, रात्र शे-खुफू इथे काढली, परवा अखेत-खुफू गाठलं. अखेत-खुफू म्हणजे खुद्द पिरॅमिड. शे-खुफू म्हणजे त्याच्याकडे जाणारा बांधीव जलाशय. तुराच्या खाणी नाईलपलीकडे, पूर्वेला. तिथला शुभ्र चुनखडक पिरॅमिडच्या बाहेरच्या आवरणाला लागे. मेररच्या हाताखाली चाळीसेक माणसं, आणि दहा दिवसांत दोन-तीन खेपा. एका टोळीने महिन्याला सुमारे दोनशे दगड पोचवले असावेत, असा ताले यांचा अंदाज. वाटेतल्या नाक्यावर देखरेख करणारा अधिकारी अंखहाफ, खुफूचा सावत्र भाऊ. त्याचा सुंदर अर्धपुतळा बोस्टनच्या संग्रहालयात आधीपासून होता. तो काय काम करत होता, हे एका मुकादमाच्या नोंदींतून कळलं.

सोबतच्या कागदांवर शिध्याचे हिशेब आहेत. धान्य, भाकरी, बिअर. आणि त्यांचे रकाने: ठरलेलं किती, आलं किती, येणं बाकी किती. काम राजाच्या तेराव्या गुरगणतीनंतरच्या (ही गणती साधारण दर दोन वर्षांनी होई) वर्षातलं, म्हणजे कारकिर्दीच्या सव्विसाव्या-सत्ताविसाव्या वर्षाच्या सुमाराचं. तेव्हा पिरॅमिड शेवटच्या टप्प्यात असणार.

आता रॉथ यांनी नोंदलेली जहाजी नावं नीट उलगडतात. गटांना नावेची नावं होती कारण ही माणसं खरोखरच नावेवरची होती. आज तुराचे दगड, पुढच्या मोसमात बंदराचं काम, मग सिनाईचं तांबं. मेररची माणसं एका जागी डांबलेले कैदी नव्हेत. ते राजाचे पगारी, फिरते, तरबेज खलाशी होते. अर्थात या नोंदी वाहतुकीच्या आहेत. दगड वर कसे चढवले, यावर मेरर चकार शब्द काढत नाही. ते त्याचं खातं नव्हतं.

पाणी, वाळू आणि चढण

नौका पिरॅमिडपाशी पोचत होत्या, तर पाणी कुठे होतं? आजची नाईल काही किलोमीटर पूर्वेला आहे. २०२२ मध्ये गिझाजवळच्या गाळातल्या परागकणांवरून नदीच्या लुप्त झालेल्या फाट्याचा आलेख मांडला गेला. चौथ्या राजवंशाच्या, म्हणजे खुफू-खाफ्रेच्या, काळात त्यात नौकांपुरतं पाणी होतं. २०२४ मध्ये एमान घोनेम आणि सहकाऱ्यांनी उपग्रहचित्रं व बोअरच्या नमुन्यांवरून लिश्त ते गिझा असा ६४ किलोमीटरचा बुजलेला प्रवाह दाखवला. एकतीस पिरॅमिड त्याच्या काठाने उभे आहेत.

जमिनीवर दगड ओढायला चाकं नसलेली लाकडी घसरगाडी होती. देर अल-बर्शा इथल्या जेहुतिहोतेपच्या थडग्यात, पिरॅमिडनंतर सहा-सातशे वर्षांनी, १७२ माणसं एक अवाढव्य पुतळा ओढताना रंगवली आहेत आणि गाडीपुढे एक जण काहीतरी ओततो आहे. बरीच वर्षं हा धार्मिक विधी समजला गेला. २०१४ मध्ये अ‍ॅमस्टरडॅमच्या भौतिकशास्त्रज्ञांनी प्रयोग केले: वाळू योग्य प्रमाणात ओली केली की ओढायचा जोर निम्म्यावर येतो.

चढवण्याच्या बाबतीत मात्र सिद्धान्त भरपूर, पुरावे तुटपुंजे. सरळ चढण म्हणावी तर माथ्यापर्यंत नेताना तिचाच पसारा पिरॅमिडएवढा होतो. गोल फिरती चढण म्हणावी तर कोपऱ्यांवर वळण अवघड. फ्रेंच वास्तुविशारद झाँ-पिएर हुदाँ यांची आतल्या बोगद्यातली चढण आकर्षक आहे, पण प्रत्यक्षात ती दिसलेली नाही. २०१८ मध्ये हातनुबच्या खाणीत खुफूकालीन तीव्र चढण मिळाली. दोन बाजूंना पायऱ्या आणि खांबांच्या खाचा, म्हणजे दोर खांबांना वळसा घालून ओढायची सोय. तंत्र माहीत होतं, एवढं त्यातून सिद्ध होतं. गिझाला ते वापरलं का, हे नाही.

म्युऑन कणांच्या साहाय्याने २०१७ मध्ये पिरॅमिडच्या पोटात तीस मीटरहून लांब पोकळी दिसली, आणि २०२३ मध्ये उत्तर बाजूच्या नऊ मीटरच्या बोळाची कॅमेरा घालून खात्री झाली. दोन्ही शोध भक्कम आहेत. या पोकळ्यांचा हेतू काय, यावर मतं वेगवेगळी. याउलट २०२५ मध्ये खाफ्रेच्या पिरॅमिडखाली शेकडो मीटर खोल खांबांचं शहर रडारने दिसल्याचा दावा व्हॉट्सअ‍ॅपवर आपल्याकडेही फिरला. तो जाणकारांनी तपासलेल्या शोधनिबंधावर उभा नव्हता आणि तज्ज्ञांनी फेटाळला.

गुलाम की वेठीचे?

मजुरांची संख्या आज दहा हजारांपासून वीस-पंचवीस हजारांपर्यंत धरतात. हिरोडोटसचा लाख कोणी मानत नाही. त्यांतले किती कायमचे आणि किती पाळीचे, यावर एकमत नाही.

‘गुलाम नव्हते’ हे वाक्य अलीकडे इजिप्तच्या राष्ट्रीय अभिमानाचा भाग झालं आहे, आणि ते बरोबरही आहे. पण त्यातून ‘मग खुशीने आले होते’ असा अर्थ काढणं घाईचं आहे. खुफूनंतर शंभरेक वर्षांनी नेफेरिरकारे राजाने अबायडोसच्या मंदिरासाठी काढलेलं फर्मान उपलब्ध आहे. इथल्या पुजाऱ्यांना आणि शेतकऱ्यांना सरकारी कामावर धरून न्यायचं नाही, नेणाऱ्याला शिक्षा होईल, असा त्याचा आशय. माफी काढावी लागते याचा अर्थ बाकीच्यांना धरून नेलं जात होतं. मराठी वाचकाला ही पद्धत वेगळी समजावून सांगायला नको. आपल्याकडे तिला वेठ म्हणत. इजिप्तची वेठ पोटभर खायला घालणारी, मोडलेलं हाड बसवणारी होती. तरीही ती वेठच.

या संशोधनालाही असेच पडद्याआडचे हात लागले आहेत. रायझनरच्या उत्खननांत खणण्याचं, नोंदी ठेवण्याचं बरंचसं काम वरच्या इजिप्तमधल्या किफ्त गावच्या लोकांनी केलं. त्यांच्या मुकादमांनी अरबीत लिहिलेल्या रोजनिश्या अलीकडे पुढे आल्या आणि आता कुठे वाचल्या जाऊ लागल्या आहेत. सलीम हसन यांनी १९२९ पासून गिझाला उत्खनन करून खेंतकाऊस राणीच्या थडग्याजवळची घरांची वस्ती उजेडात आणली, पण पिरॅमिडच्या लोकप्रिय इतिहासांत त्यांचं नाव क्वचित येतं. पुढची मोठी भर या दोन ठिकाणांहून येण्याची शक्यता आहे: वाळूखालची खुफूची वस्ती आणि संग्रहांतल्या न वाचलेल्या अरबी वह्या.

एवढ्या पुराव्यानंतर निवाडा देता येतो. पिरॅमिड इजिप्तच्या लोकांनी बांधले. पगारी कारागीर, फिरते खलाशी आणि वेठीने आलेले शेतकरी, असे तीन थर त्यांत होते, आणि त्यांना वीस-पंचवीस वर्षं शिधा, तांबं आणि नौका पुरवणारा कारभार हा त्या काळातला सर्वांत अवघड भाग होता. दगड चढवण्याची युक्ती उद्या उलगडली तरी या निवाड्यात फारसा फरक पडणार नाही. म्हणून यापुढे कोणी नवा सिद्धान्त घेऊन आला, की वाचकांनी त्याला दोन प्रश्न जरूर विचारावेत: तुमच्या मजुरांची भाकरी कुठे भाजली जात होती, आणि मेररच्या रोजमेळाचं तुम्ही काय करता?